चंदननगरची कमान आणि सेरामपूरचा घाट : वसाहतींचा इतिहास आपण कोणत्या प्रश्नाने वाचायचा?



महाप्राण जोगेंद्रनाथ मंडल यांच्यावरील अभ्यासवर्गासाठी आम्ही नऊ जण कोलकात्याला गेलो होतो. १९४६ साली मुंबई प्रांतातून संविधान सभेत जाण्याचे सगळे दरवाजे बाबासाहेबांसाठी बंद झाले, तेव्हा बंगालच्या विधिमंडळातून त्यांना निवडून पाठवले ते मंडलांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी. आपल्याकडच्या भाषणांत हे एका वाक्यात येते आणि जाते. त्या एका वाक्यामागची माणसे समजून घ्यायची म्हणून आम्ही गेलो होतो. वर्ग संपला, परतीची गाडी दुसऱ्या दिवशी रात्रीची. मधला दिवस मोकळा. उतरलो होतो तिथल्या काउंटरवर एक रंगीत पत्रक पडले होते : हुगळीकाठचा छोटा युरोप, एका दिवसात, गाइडसह, जेवणासह. माणशी पैसे बरेच होते. वाद झाला, मतदान झाले, पाच विरुद्ध चार मतांनी आम्ही निघालो.

ज्यांना तो भूगोल माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. कोलकात्याच्या उत्तरेला हुगळी नदीच्या पश्चिम काठावर, जेमतेम ४०-४५ किलोमीटरच्या पट्ट्यात, युरोपातल्या एकेका देशाने आपले गाव वसवले. बांडेलला पोर्तुगीज, चुचुड्याला डच, चंदननगरला फ्रेंच, सेरामपूरला डॅनिश म्हणजे डेन्मार्कचे लोक. इंग्रज आधी हुगळीत होते, मग खाली कोलकात्यात. सगळे एकाच नदीवर का? कारण बंगालचे सुती कापड, रेशीम, सोरा आणि अफू याच नदीने समुद्राकडे जात होती. कापड विणणारा, सोरा काढणारा, नाव वल्हवणारा कोण होता, हे पत्रकात नव्हते. ते पत्रकात असावे अशी आमची अपेक्षाही नव्हती. पण दिवसभराच्या बोलण्यातही ते नसेल असे वाटले नव्हते.

सकाळी सात वाजता गाडी आली. गाइड तिशीतला तरुण, बोलायला गोड, इतिहासाचा पदवीधर. यादी वाचता वाचता त्याने विचारले, "दादा, आपले टायटल काय?" बंगालमध्ये आडनावाला 'टायटल' म्हणतात. मुखर्जी, बॅनर्जी, घोष, बोस, मंडल, विश्वास, बावरी; टायटल कळले की तिथल्या माणसाला पुढचे विचारावे लागत नाही. आमच्यातल्या कांबळे, वाघमारे, गायकवाड या टायटलांना कुठे बसवावे हे त्याला कळेना. "हे महाराष्ट्रात ब्राह्मण का?" त्याने निरागसपणे विचारले. गाडीत असा हशा पिकला की तो बिचारा गोंधळून गेला. आम्ही त्याला सांगितले, आम्ही बौद्ध आहोत. "अच्छा, जपानसारखे," तो म्हणाला. कोलकात्यात जोगेंद्रनाथांवर तीन दिवस बोलून आम्ही बाहेर पडलो होतो आणि इतिहासाच्या पदवीधराला १९५६ ची नागपूरची दीक्षा ठाऊक नव्हती. यात त्याचा दोष किती आणि त्याच्या पाठ्यपुस्तकांचा किती, हे वेगळे सांगायला नको.

बांडेलचे चर्च आणि चुचुडा आम्ही भराभर उरकले. बांडेलच्या चर्चची परंपरा १५९९ पर्यंत मागे नेतात. १६३२ मध्ये शाहजहानच्या फौजेने हुगळीच्या पोर्तुगीजांवर हल्ला केला, ही कथा गाइडने चमत्कारांसह रंगवून सांगितली. त्या रागाच्या कारणांमध्ये माणसे पकडून विकण्याचा पोर्तुगीजांचा धंदा हेही एक कारण होते, ते तेवढे राहून गेले. चुचुड्याला सुझाना नावाच्या बाईची देखणी घुमटी आहे, १८०९ ची. तिला सात नवरे होते अशी दंतकथा आहे, त्यावरून कथा झाली, सिनेमा झाला. त्या सात नवऱ्यांवर आमची चांगली वीस-पंचवीस मिनिटे गेली. हे गाव डचांनी १८२४ च्या तहान्वये इंग्रजांना देऊन टाकले; बदल्यात इंग्रजांनी सुमात्रा बेटावरचे बेंकुलन सोडले. इथली माणसे सकाळी उठली तेव्हा त्यांचा राजा बदललेला होता. त्यांना कोणी विचारले असेल असे वाटत नाही.

चंदननगरला शिरताना मात्र गाडी थांबवायला लावली ती आम्हीच.

ग्रँड ट्रंक रोडवर, गावाच्या तोंडाशी, एक कमान आहे. १९३७ साली उभारलेली, फ्रेंच राज्यक्रांतीची आठवण म्हणून. तिच्यावर फ्रेंच भाषेत तीन शब्द कोरले आहेत : स्वातंत्र्य, समता, बंधुता. आमच्यातली सर्वांत लहान ताई, कायद्याची विद्यार्थिनी, ती पटकन म्हणाली, "हे तर आपले शब्द." गाइड म्हणाला, "हो दीदी, आपल्या संविधानाने हे फ्रान्सकडूनच घेतले ना." इथून गाडीतला खरा वाद सुरू झाला आणि तो दिवस संपेपर्यंत थांबला नाही.

३ ऑक्टोबर १९५४ ला आकाशवाणीवर बोलताना बाबासाहेबांनी हाच गैरसमज खोडून काढला होता. आपले जीवनाचे तत्त्वज्ञान या तीन शब्दांत सांगता येईल, पण ते आपण फ्रेंच राज्यक्रांतीकडून उसने घेतलेले नाही, त्याचे मूळ राजकारणात नसून धम्मात आहे, ते आपण आपल्या गुरूकडून, बुद्धाकडून घेतले, असे त्यांनी स्पष्ट सांगितले. आपल्यातले बरेच जण हे वाक्य अभिमानाचे म्हणून पाठ करतात. पण बाबासाहेब निव्वळ अभिमानाने काही बोलत नव्हते. फ्रेंचांनी हे शब्द घेऊन प्रत्यक्ष काय केले ते बघितले की बाबासाहेबांना ते मूळ पुरेसे का वाटले नाही याचा अंदाज येतो.

फ्रेंच राज्यक्रांतीने १७९४ मध्ये आपल्या वसाहतींतली गुलामी रद्द केली. १८०२ मध्ये नेपोलियनने ती परत आणली. ती कायमची गेली १८४८ मध्ये. ही झाली समुद्रापलीकडची गोष्ट. भारतातल्या फ्रेंच वसाहतींसाठी पाँडिचेरीहून ६ जानेवारी १८१९ ला जो हुकूम निघाला, त्यात हिंदी लोकांचा, मग ते ख्रिस्ती असोत, मुसलमान असोत की हिंदू, न्याय पूर्वीप्रमाणेच त्यांच्या जातीच्या कायद्याने आणि रूढीने केला जाईल अशी ग्वाही दिली होती. नीट वाचा. ख्रिस्ती असला तरीही जातीच्या रूढीने. म्हणजे राज्यक्रांतीला तीस वर्षे होत असताना समतेच्या देशाने जात लेखी स्वरूपात कायद्यात बसवली. कमान त्यानंतर ११८ वर्षांनी उभी राहिली. दगडावरचे शब्द वाचायला पर्यटक थांबतात, हुकुमाचा कागद दाखवायला तिथे कोणी नाही.

गाइडचे म्हणणे होते की परक्या राज्यकर्त्यांनी स्थानिक चालीरीतींचा मान राखला, यात वाईट काय? हा प्रश्न साधा नाही, आणि आपल्या तरुणांना तो कॉलेजात रोज ऐकावा लागतो. चालीरीतींचा मान राखला म्हणजे कोणाच्या चालीरीतींचा? विहिरीवर चढू न देणे ही एकाची रीत होती आणि दुसऱ्याची तहान. इंग्रजांचेही तेच. १८०३ मध्ये ओरिसा घेतल्यावर कंपनी सरकारने पुरीच्या जगन्नाथ मंदिराचा कारभार आणि यात्रेकरूंवरचा कर हातात घेतला. १८०९ च्या चौथ्या रेग्युलेशनमध्ये मंदिरात कोणाला सोडायचे नाही त्या जातींची यादीच घातली. चांडाळ म्हणजे नमोशूद्र, चांभार, डोम, हाडी अशी नावे त्या यादीत आहेत. जोगेंद्रनाथांची जात म्हणजे नमोशूद्र. ज्या राज्याला आपण कायद्याचे राज्य म्हणतो, त्याने अस्पृश्यता दारावरच्या पंड्याच्या तोंडातून काढून छापील कायद्यात आणली.

म्हणूनच नोव्हेंबर १९३० मध्ये लंडनच्या गोलमेज परिषदेत बाबासाहेबांनी इंग्रजांना तोंडावर विचारले की तुम्ही येण्यापूर्वी आम्हाला विहिरीवर पाणी भरता येत नव्हते, देवळात जाता येत नव्हते, पोलिसात आणि सैन्यात जागा नव्हती. दीडशे वर्षांत यातले तुम्ही काय बदलले? आज आपल्यावर आरोप होतो की आंबेडकरवादी इंग्रजांचे गोडवे गातात. गोलमेजचे ते भाषण ज्याने एकदाही उघडून पाहिले नाही, तोच असा आरोप करू शकतो. आणि आपल्यातलेही काही जण फेसबुकवर उलट्या टोकाला जातात, इंग्रज आले म्हणून आपण माणसात आलो एवढेच म्हणून थांबतात. त्यांनीही ते भाषण उघडावे.

फ्रेंचांचा प्रसिद्ध नदीकाठचा रस्ता सुंदर आहे, हे मान्य करायला हवे. बाके, झाडे, ड्युप्ले नावाच्या गव्हर्नरचे घर, त्यातले संग्रहालय. तिथे बसून आम्ही डबा खाल्ला. (जेवण पॅकेजमध्ये होते, पण ते सेरामपूरला, आणि भूक चंदननगरला लागली.) समोर नदी संथ वाहत होती. याच नदीबद्दल १७८५ साली कोलकात्याच्या सुप्रीम कोर्टाचे न्यायाधीश विल्यम जोन्स ज्यूरीपुढे बोलले होते : मुलांनी भरलेल्या मोठ्या नावा उघडपणे विक्रीसाठी नदीतून कोलकात्याकडे उतरताना तुमच्यापैकी अनेकांनी पाहिल्या असतील. आईबापांपासून पळवलेली किंवा दुष्काळात मूठभर तांदळासाठी विकलेली मुले. १७७० च्या भयंकर दुष्काळाला तेव्हा पंधरा वर्षे झाली होती. १७८९ मध्ये गव्हर्नर जनरल कॉर्नवॉलिसने माणसे गुलाम म्हणून बाहेरदेशी पाठवण्यावर बंदीचा जाहीरनामा काढला; बंदी काढावी लागली याचाच अर्थ व्यापार होता. चितगावकडचा एक मुलगा असाच विकला जाऊन फ्रान्सच्या राजदरबारात पोहोचला. झामोर त्याचे नाव. राजाच्या मर्जीतल्या मादाम द्यू बारीकडे तो खेळण्यासारखा वाढला, पुढे क्रांतिकारकांना मिळाला आणि १७९३ मध्ये त्याच बाईविरुद्ध न्यायालयात साक्ष द्यायला उभा राहिला. फ्रेंच राज्यक्रांतीत बंगालच्या एका गुलामाचा आवाज होता, हे चंदननगरच्या काठावर बसून कोणी तरी सांगायला हवे होते. जोतीरावांनी १८७३ मध्ये 'गुलामगिरी' अमेरिकेतल्या गुलामी मोडणाऱ्यांना अर्पण केली, तेव्हा त्यांना जगाचा हा धागा दिसत होता. आमच्या गाइडच्या वहीत ड्युप्लेच्या पलंगाची लांबी-रुंदी होती.

सेरामपूरला पोहोचलो तेव्हा तीन वाजून गेले होते.

आपल्याकडे श्रीरामपूर म्हटले की नगर जिल्हा आठवतो. हेही श्रीरामपूरच, डॅनिशांनी १७५५ मध्ये वखार घालून राजाच्या नावाने फ्रेडरिकनगर केलेले, आणि १८४५ मध्ये दक्षिणेतल्या ट्रांकेबारसह साडेबारा लाख रुपयांना इंग्रजांना विकलेले. डेन्मार्कच्या राष्ट्रीय संग्रहालयाच्या पुढाकाराने अलीकडे इथल्या जुन्या इमारती दुरुस्त झाल्या. सेंट ओलाव्ह चर्च उभे राहिले, त्याला २०१६ मध्ये युनेस्कोचा पुरस्कार मिळाला. जुनी डॅनिश खानावळही नव्याने सुरू झाली, आमचे जेवण तिथल्याच एका बाजूच्या हॉटेलात होते. दोनशे वर्षांपूर्वीच्या खिडक्यांचा रंग कोणता होता हे शोधण्यासाठी तज्ज्ञ येतात, याचे आम्हाला वाईट वाटत नाही. उलट वाटते की असे प्रेम आपल्या स्थळांच्या वाट्याला यावे.

पण आमच्या दृष्टीने सेरामपूर महत्त्वाचे ते चर्चच्या खिडक्यांमुळे नाही. तिथे जे घडले ते धर्मांतराच्या आणि जातीच्या प्रश्नावर आज बोलणाऱ्या प्रत्येकाने समजून घ्यावे असे आहे, म्हणून इथे जरा सविस्तर लिहितो.

ईस्ट इंडिया कंपनीला आपल्या मुलखात मिशनरी नको होते. ब्राह्मण दुखावले तर व्यापार आणि सैन्य दोन्ही बिघडेल ही भीती. १८१३ पर्यंत हेच धोरण. म्हणून विल्यम कॅरी १८०० च्या जानेवारीत डॅनिशांच्या आश्रयाला सेरामपुरात आला; मार्शमन आणि वॉर्ड आधीच तिथे उतरले होते. कॅरी मूळचा चांभारकाम करणारा, जोडे शिवणारा माणूस. वॉर्ड छापखान्यातला. वर्षभर प्रचार करून एकही माणूस मिळाला नव्हता. नोव्हेंबरमध्ये कृष्ण पाल नावाचा सुतार घाटावर घसरून पडला, खांदा निखळला. मिशनच्या डॉक्टरने तो बसवला. बोलणे सुरू झाले. २२ डिसेंबरला कृष्ण पाल आणि त्याचा मित्र गोकुळ मिशनऱ्यांच्या पंगतीत बसून जेवले.

लक्षात घ्या, अजून बाप्तिस्मा झालेला नव्हता. नुसते जेवण. पण गाव त्या जेवणानेच पेटले. सुमारे दोन हजारांचा जमाव कृष्ण पालच्या दारात आला आणि त्याला ओढत मॅजिस्ट्रेटकडे घेऊन गेला. गुन्हा काय? तो कोणाला सांगता येईना. डॅनिश मॅजिस्ट्रेटने त्याला सोडून दिले. २८ डिसेंबर १८०० ला नदीत त्याचा बाप्तिस्मा झाला. दहशत अशी की गोकुळ आणि घरच्या बायका त्या दिवशी मागे राहिल्या. त्याची मेहुणी जयमणी पुढच्याच महिन्यात पाण्यात उतरली. पुढे त्याच्या मुलीला, लहानपणी ठरवलेल्या लग्नाच्या हक्काने, बळजबरीने उचलून नेण्यात आले. रोटी मोडल्यावर बेटीवर सूड, हे आपल्याला नव्याने सांगायला नको. महाडनंतर काय झाले ते आपण जाणतो.

१८०३ च्या सुरुवातीला कृष्णप्रसाद नावाचा ब्राह्मण तरुण मिशनला मिळाला. आता प्रश्न आला पंगतीचा. दक्षिणेत ट्रांकेबारला त्याच डॅनिश राज्यात त्याआधी जवळजवळ शंभर वर्षे मिशन चालू होते, आणि तिथे चर्चमध्ये शूद्र एका बाजूला आणि परय्या दुसऱ्या बाजूला बसत. तिथल्या मिशनऱ्यांनी ते चालू दिले. सेरामपूरवाल्यांनी ठरवले, चालणार नाही. प्रभुभोजनाचा प्याला आधी सुताराला देण्यात आला, मग त्याच प्याल्यातून ब्राह्मणाला. एप्रिलमध्ये त्या ब्राह्मण कृष्णप्रसादाचे लग्न सुतार कृष्ण पालच्या मुलीशी लागले. ऑक्टोबरमध्ये गोकुळ वारला तेव्हा त्याची पेटी खांद्यावर घेतली ती मार्शमनने, कॅरीच्या मुलाने, भैरव नावाच्या ख्रिस्ती झालेल्या ब्राह्मणाने आणि पीरू नावाच्या ख्रिस्ती झालेल्या मुसलमानाने. साल १८०३. रस्त्यावर लोक थिजून बघत राहिले असणार.

इथपर्यंतची गोष्ट आम्ही घाटावर उभे राहून आमच्या लोकांना सांगितली. गाइडही ऐकत होता. पण गोष्ट इथे संपत नाही, आणि मिशनचे भक्त ती इथे संपवतात म्हणून पुढचेही सांगतो. कृष्णप्रसादाने बाप्तिस्म्यापूर्वी आपले जानवे पायाखाली तुडवले होते. वॉर्डने त्याला नवे जानवे विकत घ्यायला पैसे दिले! का? जानवे घातलेला ब्राह्मण बाजारात प्रचाराला उभा राहिला की लोक ऐकतात. पुढे काही वर्षे ब्राह्मण ख्रिस्ती प्रचारक जानवे घालूनच प्रचाराला जात राहिले. ज्याने स्वतःहून फेकले त्याच्या गळ्यात ते पुन्हा घालणारे हात मिशनरीचे होते. पंगतीत जात मोडली आणि प्रचारात जातीची किंमत वापरली. एकाच माणसांनी, एकाच वर्षात.

आम्हाला वाटते वसाहतींच्या इतिहासातला आपल्यासाठीचा सगळा धडा या जानव्यात आहे. बाबासाहेबांनी १९५६ मध्ये दीक्षेबरोबर बावीस प्रतिज्ञा का दिल्या, नुसते त्रिशरण-पंचशील पुरे का मानले नाही, हे कोणी विचारले तर आता आम्ही सेरामपूरचे उदाहरण देणार आहोत. आत येणाऱ्याने बाहेरचे काय टाकून यायचे हे आधीच स्पष्ट नसेल, तर जुनी प्रतिष्ठा मागल्या दाराने आत येते. आणि हे फक्त ख्रिस्त्यांना लावायचे नाही. घाटावरच आमच्यात एक अवघड विषय निघाला. आपल्या विवाह मंडळांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर 'बौद्ध' लिहून कंसात पोटजात कोण लिहिते? दीक्षेला सत्तर वर्षे होत आली. सुताराची मुलगी आणि ब्राह्मणाचा मुलगा यांचे लग्न १८०३ मध्ये लागले. आमच्या नऊ जणांपैकी पोटजात ओलांडून लग्न केलेले किती? दोन. बाकीचे सात जण नदीकडे बघत राहिले.

आता छापखाना. हा भाग मराठी माणसाच्या जवळचा आहे. कॅरी फोर्ट विल्यम कॉलेजात मराठीही शिकवत असे. त्याचे मराठी व्याकरण १८०५ मध्ये सेरामपूरला छापले गेले, १८१० मध्ये मराठी कोश, तोही मोडी लिपीच्या खिळ्यांत. मराठीतल्या अगदी सुरुवातीच्या छापील पुस्तकांपैकी ही. आपल्याकडे मराठी मुद्रणाच्या इतिहासात कॅरीचे नाव येते, त्याला मराठी शिकवणाऱ्या वैजनाथ पंडितांचे नाव येते. पण ती अक्षरे पोलादात कोणी कोरली? त्रिवेणीचा पंचानन कर्मकार, जातीने लोहार. १७७८ मध्ये हुगळीला बंगालीचे व्याकरण छापले गेले तेव्हा विल्किन्स या इंग्रजाबरोबर बंगाली खिळे घडवणारा हाच. नंतर सेरामपुरात त्याने खिळ्यांचा कारखाना उभा केला, देवनागरीचे शेकडो ठसे कोरायला घेतले आणि १८०४ च्या सुमारास वारला. त्याचा जावई मनोहर याने पुढे चाळीस वर्षे ते काम केले. आशियाभरच्या छापखान्यांना इथून खिळे जात.

लोहाराने अक्षर घडवले, आणि त्या अक्षरांत आधी काय छापले गेले? बायबल तर होतेच. त्याबरोबर 'हितोपदेश', 'सिंहासन बत्तिशी', कॅरी-मार्शमनांचे वाल्मीकी रामायण. कारण भाषा शिकवायला पंडित होते आणि पंडितांना जे माहीत ते साहित्य ठरले. अक्षर बहुजनाच्या हातचे, मजकूर ब्राह्मणी. यंत्र आले म्हणून ज्ञान आपोआप मोकळे होते, असे समजणाऱ्यांनी यावर विचार करावा. आज मोबाइलच्या बाबतीत तेच चालू आहे. सेरामपूर कॉलेजच्या आवारातल्या संग्रहालयात कॅरीच्या वस्तू जपलेल्या आहेत. गाइडला पंचाननचे नाव माहीत होते, हे त्याच्या बाजूने नोंदवतो. "लोहार होता," तो म्हणाला, आणि पहिल्यांदाच त्या दिवशी त्याने एखाद्याचा धंदा सांगितला.

परतताना आम्ही त्याला विनंती केली की ग्रँड ट्रंक रोडने रिसड्यावरून चल, मिल बघायच्या आहेत. पॅकेजमध्ये ते नव्हते. ड्रायव्हरची कुरकुर झाली, पण गेलो. १८५५ मध्ये भारतातली पहिली ताग गिरणी रिसड्याला सुरू झाली. पुढे नदीच्या दोन्ही काठांवर गिरण्यांची रांग लागली आणि विसाव्या शतकाच्या सुरुवातीला बिहार, संयुक्त प्रांत, ओरिसा आणि आंध्रमधून आलेले मजूर तिथे बहुसंख्य झाले. त्यांतले कितीतरी आपले. काही गिरण्या चालू आहेत, काहींच्या फाटकाला टाळे आहे, काहींना टाळे लागते आणि निघते. लाइनीतली घरे एका खोलीची, नळावर रांग. 'छोट्या युरोपा'तला हा भाग आजही वस्तीला आहे, म्हणूनच बहुधा तो वारसा नाही.

एका चहाच्या टपरीवर एक म्हातारे गृहस्थ भेटले. मूळ बिहारचे, तीन पिढ्या ताग गिरणीत. आमच्या एकाच्या खिशाला निळा बिल्ला होता, तो बघून त्यांनी "जय भीम" म्हटले. दिवसभरात आम्हाला दुसऱ्या कोणी म्हटले नव्हते. आम्ही त्यांना मुंबईची गोष्ट सांगितली, कापड गिरण्यांच्या विणकाम खात्यात अस्पृश्यांना घेत नसत, कारण तुटलेला धागा तोंडाने ओला करावा लागे आणि बाट लागे. १९२८ च्या संपात बाबासाहेबांनी तो प्रश्न मांडला होता. म्हातारबाबा हसले. म्हणाले, "इथे तागाची धूळ सगळ्यांच्याच तोंडात जायची. पण लाइनीत खोली मिळताना सरदार आधी जात विचारायचा."

अंधार पडल्यावर कोलकात्याच्या रस्त्याला लागलो. गाइड बराच वेळ गप्प होता. मग मागे वळून म्हणाला, "दादा, ते १८१९ चे आणि जानव्याचे जरा लिहून द्याल? मी सांगेन लोकांना. ऐकतील की नाही माहीत नाही." ताईने वहीचे पान फाडून हिंदीत लिहून दिले. खाली तिने स्वतःचे नाव लिहिले आणि टायटलच्या जागी बौद्ध. उतरताना त्याने अभिप्रायाचा कागद पुढे केला, पाच ताऱ्यांपैकी किती ते विचारणारा. त्यावर आमच्यात पुन्हा मतदान झाले. चार तारे ठरले, एक सुझानाच्या सात नवऱ्यांसाठी कापला.

जे मित्र कोलकात्याला जातील त्यांनी पॅकेज घेऊ नये. हावड्याहून बांडेल लोकल दिवसभर असते, काही रुपयांचे तिकीट. १५ ऑगस्ट १८५४ ला पूर्व भारतातली पहिली आगगाडी याच मार्गावर धावली, हावड्याहून हुगळीला. रिसडा, सेरामपूर, चंदननगर, चुचुडा ही सगळी स्थानके ओळीने येतात. रिसड्याला उतरणार असाल तर सकाळी लवकर उतरा, पाळी सुटताना. फाटकासमोरच्या टपऱ्यांवर बोलायला माणसे मिळतात.